लाल निघाला तर जायचं

माझ्या मावशीने अडतीस वर्षं पत्ते हाताळले, पण खेळली म्हणाल तर एकदाही नाही.

पत्त्यांच्या कारखान्यात ती तपासणीच्या टेबलावर बसायची. छापलेले मोठे कागद वार्निश होऊन, सुकून कटिंग मशीनखाली जायचे. तिथून कापलेले पत्ते जुळवून, कोपरे गोल करून एकेक कॅट तिच्यापुढे यायचा. कुठे शाई पसरली आहे का, कुठल्या राणीचं नाक पुसलं गेलंय का, पाठीवरची नक्षी तिरकी आहे का, हे तिने बघायचं. पण तिची खरी ख्याती वेगळीच होती. कॅट तळहातावर घ्यायची, अंगठ्याने एकदा फर्रकन सोडायची आणि म्हणायची, "एक कमी आहे." मोजून पाहावं तर खरंच एक कमी. कारखान्यात तिला सगळे 'बावनकशी' म्हणायचे. नव्याने आलेल्या माणसाला वाटायचं, बाई सोन्याच्या व्यवहारातली असावी.

आम्ही दुसऱ्या मजल्यावर राहायचो, मावशीच्या दोन खोल्या पहिल्या मजल्यावर होत्या आणि तळमजल्यावर लाँड्री होती. जिन्यात कायम इस्त्रीच्या वाफेचा वास. आम्ही पोरं त्या जिन्यातच बदाम सात खेळत बसायचो. मावशी कामावरून येताना आमच्यातून वाट काढत वर जायची. एकदा आमची अशी काही जुंपली होती की लाँड्रीवाल्या बाई ओरडत बाहेर आल्या. मावशीने आमचे सगळे पत्ते गोळा केले, हातात तोलले आणि म्हणाली, "एक्कावन्न आहेत. भांडता कशाला, शोधा." किलवरची नव्वी पायपुसण्याखाली सापडली. तिने ती पुसून आमच्या हातात दिली आणि कुलूप उघडून आत गेली. "ये ना मावशी, एक डाव," असं आम्ही कितीदा म्हटलं असेल, पण ती हसून मान हलवायची.

मावशीचं लग्न झालेलं नव्हतं. घरात तो विषय निघाला की आई एकच वाक्य बोलायची, "तिचा पत्ता काळा निघाला." लहानपणी मला वाटायचं, कोणा ज्योतिष्याने सांगितलं असेल. चौदा-पंधरा वर्षांची झाले तेव्हा आईने मला बसवून नीट सांगितलं. आमच्या घरात ती गोष्ट जशी सांगितली जायची, तशीच आधी सांगते.

मावशी तेव्हा चोवीस वर्षांची होती. आजी जाऊन बरीच वर्षं झाली होती. आजोबा बस चालवायचे, पण दोन वर्षांपूर्वी त्यांची उजवी बाजू लुळी पडली होती. आई सतरा वर्षांची. तिला नर्सिंगच्या शाळेत प्रवेश मिळाला होता. तीन वर्षं, तिथेच राहून शिकायचं. सकाळी मावशी आजोबांना उठवायची, अंघोळ घालायची, खुर्चीत बसवायची आणि कामावर जायची. दुपारी लाँड्रीवाल्या बाई एकदा वर डोकावायच्या. पाचला सुटली की मावशी धावत घरी.

कारखान्यात कटिंग मशीनवर चौघे जण होते. त्यातल्या तिघांना मिशा होत्या, तशा तर कारखान्यातल्या सगळ्याच पुरुषांना होत्या. एकाला तेवढी नव्हती. पत्त्यांतल्या चार राजांपैकी बदामाच्या राजालाच मिशी नसते, हे पत्त्यांच्या कारखान्यात कोणाला सांगावं लागत नाही. त्यामुळे त्याचं नाव 'बदामराजा' पडलं आणि बोलताबोलता नुसतं 'बदाम' उरलं.

बदामच्या मशीनचं पातं बोथट झालं की पत्त्यांच्या कडेला बारीक लव सुटायची. मग मावशी ती चळत परत पाठवायची, वर चिठ्ठी: 'धार गेली.' चार-पाच वेळा असं झाल्यावर तो स्वतःच टेबलाशी आला.

"तुम्हाला डोळ्यांनी दिसतं की बोटांना कळतं?"

"बोटांना."

"मग माझी बोटं बघा. आठवडाभर तेच पातं घासतोय." त्याने हात पुढे केले. दहाही बोटांवर कापल्याच्या खुणा होत्या. मावशीने टेबलाच्या खणातून मलमाची डबी काढून दिली. तुम्हीचं तू व्हायला त्यानंतर दोन महिने लागले, असं आई सांगायची. आईला हे सगळं ठाऊक होतं, कारण मावशी रोज रात्रीच्या जेवणाला बसली की तिच्या बोलण्यात तीनदा तरी 'मशीनवरचा एकजण' यायचा, आणि आजोबा वाकड्या तोंडाने हसत विचारायचे, "त्या एकजणाला आई-बापाने नाव दिलंय की नाही?"

कागदाच्या गोदामापाशी लोखंडी जिना होता. जेवणाच्या सुट्टीत दोघं तिथे डबे घेऊन बसायची. बदामने समुद्र कधी पाहिला नव्हता. परदेशातून कागद यायचा, त्याच्या गठ्ठ्यांवर बंदराचे शिक्के असायचे. ते शिक्के तो मावशीला वाचून दाखवायचा आणि म्हणायचा, "बघ, हा कागद आपल्यापेक्षा जास्त फिरलाय."

मग एके दिवशी कळलं, मालक बंदराजवळ दुसरा कारखाना काढताहेत. आगगाडीने दीड दिवसाची वाट. प्रत्येक खात्यातली निम्मी जुनी माणसं तिकडे पाठवायची, म्हणजे ती नव्यांना शिकवतील. कोण जाणार यावरून आठवडाभर नुसती खडाजंगी. ज्यांना जायचं होतं ते इथे गरजेचे होते, जे इथे नको होते त्यांना जायचं नव्हतं. शेवटी व्यवस्थापक वैतागून म्हणाले, "चिठ्ठ्या टाका." त्यावर कोणीतरी म्हणालं, चिठ्ठी काय, कोणीही ओळखू येईल अशी दुमडून ठेवेल. तेव्हा व्यवस्थापकांनी समोरचा एक नवा कॅट उचलला. "मग हे घ्या. पत्ते बनवणाऱ्यांना पत्त्यांचा तरी भरवसा असेल. लाल निघाला तर जायचं, काळा निघाला तर राहायचं."

तपासणीच्या टेबलावर चार बायका होत्या. चार पत्ते उपडे ठेवले, दोन लाल, दोन काळे. मशीनवरच्या चौघांचंही तसंच. मशीनवाल्यांनी आधी काढले. बदामला चौकटची सत्ती आली. मग बायकांची पाळी. कोणीतरी ओरडलं, "बावनकशीला डोळे मिटून काढायला लावा, ती पाठीवरून ओळखेल." मावशीने खरंच डोळे मिटले. उघडले तेव्हा हातात किलवरची पंजी होती.

बदाम गेला. दोन वर्षं पत्रं आली. पुढे एक पत्र आलं, त्यात त्याने लग्न ठरल्याचं लिहिलं होतं. आई म्हणायची, ते पत्र वाचून मावशीने घडी घातली, आजोबांना औषध दिलं आणि कामावर गेली. "नशीब एकेकाचं," असं म्हणून आई गोष्ट संपवायची आणि डोळे पुसायची. त्यापुढे सांगण्यासारखं काही उरलंय, असं आम्हा कोणाला वाटलं नव्हतं.

आजोबा त्यानंतर अकरा वर्षं जगले. आई नर्स झाली, तिचं लग्न झालं, मी झाले. मावशी टेबलावरच होती. मोठी झाल्यावर मला एक गोष्ट मात्र कळली. दोन्ही कारखान्यांचा माल एकसारखा निघतोय ना, हे बघायला दर महिन्याला बंदराकडून नमुन्याचे कॅट यायचे आणि ते मावशीच तपासायची. मी एकदा तिचा डबा पोचवायला गेले होते, तेव्हा तिच्यापुढे ती नमुन्यांची पेटी उघडी होती. छापलेली बाजू तिने पाहिलीच नाही. कॅट उभा धरून त्याच्या कडेवरून ती बोट फिरवत होती, सावकाश, जसं झोपलेल्या बाळाच्या कपाळावरून फिरवतात तसं.

"काय बघतेस?"

"धार. परवाच लावलेली दिसते."

एका महिन्यात कड वेगळी आली. उजवीकडे किंचित झुकलेली. मावशी घरी आली ती पांढरीफटक. आठवडाभर तिने धड जेवण केलं नाही. शेवटी कामाचं निमित्त काढून तिने बंदराच्या कारखान्याला फोन लावला: कटिंगमध्ये फरक पडलाय, माणूस बदललाय का? तिकडून सांगितलं, हो, जुने आता मुकादम झालेत, मशीनवर नवीन आहे. त्या संध्याकाळी मावशी दोन पोळ्या जास्त जेवली. पण त्यानंतर ती पेटी आली की ती इतरांसारखीच छापील बाजू तपासायची.

अठ्ठावन्नाव्या वर्षी ती निवृत्त झाली. तोवर तपासणीला कॅमेऱ्याचं यंत्र आलं होतं आणि तिच्याकडे फक्त त्या यंत्राने नापास केलेले पत्ते पुन्हा बघायचं काम राहिलं होतं. "यंत्र फार संशयी आहे," ती म्हणायची, "ठिपका दिसला की गुन्हेगार." निरोपाच्या समारंभात तिला घड्याळ आणि शाल मिळाली. दुसऱ्या दिवशी सकाळी दहाला ती वर आमच्याकडे आली. मी शाळेत भूगोल शिकवायचे, सुट्टी लागली होती.

"तू मुलांना समुद्र शिकवतेस ना?"

"शिकवते."

"मग मला नेऊन दाखव."

आईने चमकून तिच्याकडे पाहिलं. "बंदराला जाणार?"

"समुद्र तिथेच आहे, त्याला मी काय करू?" मावशी म्हणाली.

आगगाडीत आम्हाला खिडकीजवळच्या समोरासमोरच्या जागा मिळाल्या. पहिला दिवस मावशी बाहेरच बघत होती. दुसऱ्या दिवशी सकाळी चहा पिताना तिने एकदम विचारलं, "तुझ्या आईने तुला पत्त्यांचं सांगितलंय ना?"

"हो. किलवरची पंजी."

"ते खरं आहे. पण ते अर्धंच आहे." तिने कप खाली ठेवला. "अदलाबदल करायची मुभा होती. शनिवारी पाचपर्यंत. दोघांनी कागदावर सही केली की झालं."

"म्हणजे?" मी विचारलं.

"माझ्या शेजारच्या खुर्चीवर एक बाई बसायच्या, माझ्यापेक्षा वीसेक वर्षांनी मोठ्या. त्यांना बदामाची दश्शी आली. त्यांचा सगळा गोतावळा आपल्या गावात. गुरुवारी जेवणाच्या सुट्टीत माझा हात धरून म्हणाल्या, 'पोरी, तुझं मला ठाऊक आहे. तुला जायचंय, मला राहायचंय. चल, आत्ता सही करू.' देवाने ताटात वाढून दिल्यासारखंच होतं ते."

"मग?"

"मग काय. बाबांना अंघोळ कोण घालणार होतं? तुझी आई शाळा सोडून बसली असती. मी नाही म्हटलं. त्या तिथेच रडल्या. मी त्यांना एवढंच म्हटलं, हे कोणाला सांगू नका. त्या शेवटपर्यंत बोलल्या नाहीत. आणि त्यांना जावं लागलं, माझ्यामुळे. तेही आहेच."

बाहेर एक लांबलचक पूल खडखडत गेला.

"आईला का नाही सांगितलंस?"

"सतरा वर्षांची होती ती. 'तुझ्यासाठी राहिले' असं सांगितलं असतं तर जन्मभर माझ्यापुढे मान खाली घालून वावरली असती. पत्त्यावर ढकललं, बरं पडलं. पत्त्याशी कोण भांडणार?" मग खिडकीकडे तोंड करून म्हणाली, "त्याने शुक्रवारी मला विचारलं होतं. 'कोणी बदलायला तयार आहे का?' मी त्याच्या डोळ्यांत बघून नाही म्हटलं. पाप म्हणशील तर ते आहे. तेवढं सांगायला चाललेय."

बदामला तिने आधी पत्र टाकलं होतं. स्टेशनवर तो आला होता. मी त्याला पहिल्यांदाच बघत होते; उंच, थोडा वाकलेला, आणि नाकाखाली पांढरीशुभ्र, भरघोस मिशी. मावशी डब्यातून उतरली आणि त्याच्याकडे बघतच राहिली.

"हे काय?" ती म्हणाली.

"काय?"

"मिशी!"

त्याने मिशीला हात लावला. "बायको म्हणाली ठेव."

"बरं केलंत. चांगली दिसते."

"केलंत?" तो हसला. "गाडीत बसताना तू होतो, उतरताना तुम्ही झालो?"

मावशी लाजली. अठ्ठावन्न वर्षांच्या बाईला लाजताना मी तेव्हा पाहिलं, आणि मलाच उगाच भरून आलं.

त्याचं घर चढावरच्या गल्लीत तळमजल्यावर होतं. काकू, म्हणजे त्याची बायको, जहाजांवरच्या ताडपत्र्या शिवायच्या. बोटं जाड, आवाज मोठा. त्यांनी मावशीला दारातच मिठी मारली आणि म्हणाल्या, "या, बावनकशी. इतकी वर्षं कारखान्यातल्यांकडून नाव ऐकतेय. मला वाटायचं कोणी उंच बाई असेल." काकूंनी आमच्या पिशव्या उचलून आत नेल्या, चहा ठेवला आणि म्हणाल्या, "दुपारी तुम्ही तिघं समुद्रावर जा. मला एक ताडपत्री पुरी करून द्यायचीय." खरंच ताडपत्री होती की नाही, मला माहीत नाही.

समुद्राच्या कडेला दगडी कठडा होता. भरती होती. मावशी कठड्याला हात टेकून उभी राहिली. तिला समुद्र दाखवायला म्हणून मी आले होते, पण मी दोन पावलं मागेच राहिले.

"कसा आहे?" बदामने विचारलं.

"मोठा आहे," मावशी म्हणाली. थोड्या वेळाने म्हणाली, "तू पत्रात लिहिलं होतंस त्यापेक्षा आवाज जास्त आहे."

मग आम्ही बाकावर बसलो. मी जरा सरकून कडेला. मावशीने पदराचं टोक बोटाला गुंडाळलं, सोडलं, आणि सांगून टाकलं. शेजारच्या खुर्चीवरच्या बाई, बदामाची दश्शी, गुरुवारची दुपार, शुक्रवारचं खोटं. आडपडदा न ठेवता, थांबून थांबून. शेवटी म्हणाली, "पत्त्यामुळे नाही राहिले मी. माझी मी राहिले."

एक लहान बोट बंदरात शिरत होती, तिच्यावर कावळे का कसलेसे पक्षी घिरट्या घालत होते.

"माझ्याकडेही आला होता एकजण," तो म्हणाला.

मावशीने मान वळवली.

"मशीनवरचाच. त्याची सासुरवाडी इकडची. त्याला काळा आला होता. शुक्रवारी सकाळी हात जोडून उभा राहिला, तुझी सत्ती मला दे म्हणून. तुला विचारायला आलो तो त्यानंतर."

"आणि मी नाही म्हटल्यावर?"

"त्यालाही नाही म्हटलं."

"का?" मावशीचा आवाज इतका बारीक झाला होता की लाटेत बुडाला. तिने पुन्हा विचारलं, "का रे?"

"समुद्र बघायचा होता." तो म्हणाला. मग मान हलवली. "नाही, तेवढंच नाही. मला वाटलं, तू म्हणशील. राहा म्हणशील. शनिवारी पाचपर्यंत त्या लोखंडी जिन्यावर बसून होतो. म्हटलं, ही आता येईल आणि म्हणेल. म्हणाली असतीस तर राहिलो असतो."

"मी टेबलावरून जिन्याकडे बघत होते," मावशी म्हणाली. "म्हटलं, हा आता येईल आणि ये म्हणेल."

"आली असतीस?"

मावशीने खूप वेळ घेतला. मला वाटलं, ती हो म्हणेल. एवढ्या वर्षांनंतर हो म्हणायला काय जातं?

"नाही," ती म्हणाली. "बाबा होते. नसते आले. पण तू म्हणायला हवं होतंस. मला ते ऐकायचं होतं."

"चल," बदाम म्हणाला.

"कुठे?"

"कुठे नाही. म्हणतोय नुसतं. माझ्याबरोबर चल."

मावशीने तोंडाला पदर लावला. तिचे खांदे हलत होते. तो तिच्या शेजारी तसाच बसून राहिला. हात धरला नाही, समजूत घातली नाही. मी उठून कठड्यापाशी गेले आणि भूगोलाच्या शिक्षिकेने जितका वेळ भरती बघावी त्याहून कितीतरी जास्त वेळ बघत उभी राहिले.

आम्ही आणखी दोन दिवस राहिलो. काकूंनी मावशीला बंदर दाखवलं, बाजार दाखवला. नवा कारखाना, जो आता जुना झाला होता, तोही बाहेरून दाखवला. निघताना बदाम स्टेशनवर आला नाही, गुडघे दुखताहेत म्हणाला. काकू आल्या.

परत आल्यावर मावशी आधीपेक्षा मोकळी झाली, असं मला लिहिता आलं असतं तर बरं वाटलं असतं. तसं झालं नाही. चौतीस वर्षं तिला एक आधार होता, की त्याला नशिबाने नेलं. तिला नशिबानेच ठेवलं, हे बदामनेही तसंच धरून ठेवलं असणार. आता दोघांकडेही तो राहिला नव्हता. ती दुपारभर खिडकीत बसायची. पत्रं सुरू झाली, महिन्याला एखादं. पण त्यांत हवापाणी आणि गुडघे यांपलीकडे काही नसायचं. ती ते वाचायची, आणि मग पुन्हा एकदा वाचायची, जणू ओळींच्या मध्ये काही राहून गेलंय का ते तपासतेय. एकदा मला म्हणाली, "मला तो परत नकोय गं. त्याचं घर आहे, बायको आहे, चांगली आहे. मला ती मधली वर्षं हवीत. ती कोणाकडे मागायची?"

आईला मी काही सांगितलं नाही. ती अजूनही "पत्ता काळा निघाला" म्हणायची आणि मावशी मान डोलवायची.

दोन वर्षांनी एका सकाळी काकूंचा फोन आला. बदाम गेला होता. झोपेत, काही त्रास न होता. फोन मीच घेतला होता. मी खाली जाऊन मावशीला सांगितलं. ती भाजी निवडत होती. निवडून संपवली. मग म्हणाली, "तिच्याजवळ कोण आहे?"

"मुलगा आहे. पण तो बोटीवर असतो, महिन्याभरात परत जाईल."

"मग महिन्याभराने तिला इकडे बोलवू. मी फोन करते."

काकू आल्या. एक लहान ट्रंक आणि शिवणाची पिशवी घेऊन, पंधरा दिवसांसाठी. पहिल्या दिवशी दोघी एकमेकींशी जेवढ्यास तेवढं बोलल्या. दुसऱ्या दिवशी दुपारी मी चहा घेऊन खाली गेले, तर मावशी पलंगावर मांडी घालून बसली होती आणि काकू खुर्चीत, मांडीवर शिवण.

"तो सकाळी उठायचा कधी?" मावशीने विचारलं.

"पाचला. सुट्टीच्या दिवशीसुद्धा. मला मेलीला झोपू द्यायचा नाही."

"उठून काय करायचा?"

"काय करणार? दाढी. घसाघसा. मग आरशात बघून शीळ घालायची."

"कुठल्या सुरात?"

काकूंनी शीळ घालून दाखवायचा प्रयत्न केला, नीट जमली नाही, दोघी हसल्या. मावशी पुढे विचारत राहिली. चिडला की काय करायचा? मुलगा झाला तेव्हा रडला का? आजारपणात कुरकुर करायचा का? पहिल्यांदा समुद्र पाहिला तेव्हा कोणाबरोबर होता? काकू एकेक आठवून सांगत होत्या, मध्येच सुईत दोरा ओवत. काही लक्षात नसलं तर थांबून, डोळे मिटून आठवत होत्या, आणि मावशी तेवढा वेळ थांबत होती. तिला घाई नव्हती.

मग काकूंनी शिवण बाजूला ठेवलं.

"आता माझी पाळी," त्या म्हणाल्या. "सव्वीस वर्षांचा होईपर्यंत तो कसा होता ते मला कोणीच सांगितलं नाही. तो स्वतः तर कधीच नाही. इकडचं विचारलं की उठून जायचा."

मावशीने चहाचा कप उचलला, पण प्यायली नाही.

"बडबड्या होता," ती म्हणाली. "आणि त्याच्या बोटांना कायम काहीतरी लागलेलं असायचं."

"खरंच? माझ्याशी तर दिवसाला दहा शब्द बोलायचा."

"ऐक तर मग," मावशी म्हणाली आणि मला हाताने खूण केली, दार ओढून घे म्हणून.